आपल्या गावाची लोकसंख्या अभ्यासायची आहे? मराठवाड्यातल्या नवख्यांसाठी पायरीपायरीने

एम.ए.च्या प्रबंधासाठी मी बालाघाटाच्या डोंगरपट्ट्यातल्या एका गावात जानेवारीत गेलो. निम्म्या घरांना कुलूप होतं. ओट्यावर म्हातारी माणसं आणि त्यांच्या मांडीवर नातवंडं. मी वहीत लिहिलं, ‘गावाची लोकसंख्या घटत आहे.’ राहिलेले फॉर्म भरायला मे महिन्यात परत गेलो, तर प्रत्येक गल्लीत मांडव पडलेला आणि गाव माणसांनी भरलेलं. ऊसतोडीचा पट्टा पडला होता, म्हणजे हंगाम संपला होता, आणि कोयते, म्हणजे ऊस तोडणारी जोडपी, घरी आले होते.

जानेवारीचा आकडा खरा होता आणि मेचाही खराच होता. चुकीचा होता तो माझा निष्कर्ष, कारण लोकसंख्या किती हे विचारताना ‘कोणत्या दिवशी, कोणाला धरून’ हे मी विचारलंच नव्हतं. मराठवाड्यात हा प्रश्न सोडून पुढे गेलात तर पुढची सगळी सूत्रं बरोबर वापरूनही उत्तर चुकतं. प्रबंध करणारे विद्यार्थी, तालुक्याच्या बातम्या लिहिणारे पत्रकार, गावाचा आराखडा करणारे ग्रामपंचायत सदस्य अशा सगळ्यांना डोळ्यासमोर ठेवून हे लिहितोय. बेरीज, भागाकार आणि टक्केवारी येत असली की पुरे.

१. प्रश्न एका वाक्यात लिहा

‘माझ्या गावाची लोकसंख्या’ हा विषय झाला, प्रश्न नव्हे. ‘२००१ ते २०११ मध्ये आमच्या तालुक्यातून वीस ते तीस वयाचे किती लोक बाहेर गेले?’ हा प्रश्न झाला. यात जागा, काळ, वयोगट आणि मोजायची गोष्ट असं सगळं आलं. वाक्यात यातलं एक जरी नसेल तर आकडे गोळा करायला निघू नका.

एक समीकरण वहीच्या पहिल्या पानावर लिहून ठेवा. आजची लोकसंख्या म्हणजे आधीची लोकसंख्या, अधिक जन्म, उणे मृत्यू, अधिक आत आलेले, उणे बाहेर गेलेले. लोकसंख्याशास्त्रातली बहुतेक पद्धत यातलं न दिसणारं एखादं पद दिसणाऱ्या पदांवरून काढण्यासाठीच आहे.

२. काय काय जमवायचं

आधी कागद:

- २००१ आणि २०११ च्या जनगणनेचं प्राथमिक जनगणना सार, गावनिहाय
- तुमच्या जिल्ह्याची जनगणना हस्तपुस्तिका (‘अ’ भागात गावातल्या सोयी, ‘ब’ भागात गावनिहाय आकडे)
- जिल्ह्याचे वयोगटाचे ‘सी’ तक्ते आणि स्थलांतराचे ‘डी’ तक्ते
- ग्रामपंचायतीची जन्म-मृत्यू नोंदवही आणि नमुना ८, म्हणजे घरपट्टीची यादी
- अंगणवाडी ताई आणि आशाताईंची कुटुंब सर्वेक्षणाची रजिस्टरं
- शाळेचा पट
- राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणाचं तुमच्या जिल्ह्याचं तथ्यपत्रक
- कॉलेजचं किंवा संस्थेचं ओळखपत्र आणि सरपंच-ग्रामसेवकांच्या नावे पत्र, दोन प्रतींत. एका प्रतीवर पोच घ्या.

जनगणनेचे तक्ते महानिबंधक कार्यालयाच्या संकेतस्थळावर फुकट मिळतात. हिशेबासाठी एक्सेल किंवा लिबरऑफिस कॅल्क पुरतं. पुढे ‘आर’ ही आकडेवारीची संगणकभाषा शिकलात तर उत्तम, पण पहिल्या अभ्यासाला त्याची गरज नाही. नकाशासाठी क्यूजीआयएस, मोबाईलवर फॉर्म भरायचे असतील तर कोबो. दोन्ही मोफत.

नोंदवही मागायला बाजाराच्या किंवा ग्रामसभेच्या दिवशी जाऊ नका. ग्रामसेवकांकडे दोन-तीन गावं असतात. कोणत्या वारी कोणत्या गावात बसतात ते आधी शिपायाला विचारा, तुमच्या दोन चकरा वाचतील.

३. गाव म्हणजे नेमकं कोणतं गाव?

जनगणनेचं गाव म्हणजे महसुली गाव. वाड्या, वस्त्या आणि तांडे बहुतेक वेळा त्याच्याच पोटात मोजलेले असतात. तांड्याची वेगळी ग्रामपंचायत असली तरी जनगणनेच्या तक्त्यात तांड्याचं नाव सापडेलच असं नाही. उलट गट ग्रामपंचायतीत दोन-तीन महसुली गावं एकत्र असतात. म्हणून ग्रामपंचायतीच्या जन्मांना जनगणनेच्या लोकसंख्येने भागण्याआधी दोन्हींची हद्द एकच आहे ना, हे तलाठ्याकडून पक्कं करून घ्या. हा भागाकार चुकलेले प्रबंध मी पाहिले आहेत. त्यात एका तांड्याचा जन्मदर गावाच्या दुप्पट दिसत होता.

गाव नावाने शोधू नका, कोडने शोधा. पिंपळगाव, वडगाव, नांदूर किती आहेत ते मोजून पाहा. २०११ च्या जनगणनेत प्रत्येक गावाला सहा अंकी कोड आहे. जिल्ह्यांचे कोडही लिहून ठेवा: नांदेड ५११, हिंगोली ५१२, परभणी ५१३, जालना ५१४, औरंगाबाद ५१५, बीड ५२३, लातूर ५२४, उस्मानाबाद ५२५. छत्रपती संभाजीनगर आणि धाराशिव ही नावं २०११ च्या तक्त्यांत सापडणार नाहीत, आणि बीडचं इंग्रजी स्पेलिंग तिथे बी-आय-डी असं आहे. नेहमीचं स्पेलिंग टाकून शोधलं की ‘माहिती उपलब्ध नाही’ असं वाटतं आणि नवखा माणूस तिथेच थांबतो.

काळाची हद्दही तपासा. जालना जिल्हा १ मे १९८१ ला औरंगाबादमधून निघाला, लातूर १९८२ मध्ये उस्मानाबादमधून, हिंगोली १ मे १९९९ ला परभणीतून. १९९१ ची परभणी आणि २००१ ची परभणी शेजारी ठेवली तर २१ लाखांचा जिल्हा १५ लाखांवर आलेला दिसतो. कुणी मेलं नाही की गेलं नाही, हिंगोली वेगळी झाली. २००१ च्या परभणीचे १५,२७,७१५ आणि हिंगोलीचे ९,८७,१६० एकत्र केले की २५,१४,८७५ होतात. तुलना या बेरजेशी करायची.

आणखी मागे गेलात तर मराठवाडा १९५१ पर्यंत हैदराबादच्या जनगणनेच्या खंडांत सापडतो. आमच्याकडची जुनी माणसं जनगणनेला अजून ‘खानेसुमारी’ म्हणतात, तो शब्द त्याच दिवसांतला. १९६१ पासून महाराष्ट्राचे खंड पाहायचे. लातूर-धाराशिवच्या भूकंपपट्ट्यात १९९३ नंतर कितीतरी गावं जुन्या जागेवरून उठून नव्या जागी वसली. त्यांच्या बाबतीत नकाशा आणि तक्ता दोन्ही समोर हवेत.

४. माणूस कुठे मोजला गेला?

ही पायरी सावकाश वाचा.

२०११ च्या जनगणनेची संदर्भवेळ १ मार्चला रात्री बाराची होती. प्रगणक ९ ते २८ फेब्रुवारी घरोघर फिरले आणि १ ते ५ मार्च फेरतपासणी झाली. नियम असा होता: माणूस या काळात नेहमीच्या घरी थोडा वेळ तरी राहिला असेल तर तिथेच मोजायचा. पूर्ण काळ बाहेर असेल तर जिथे सापडेल तिथे मोजायचा.

आता आपलं कॅलेंडर याच्या शेजारी ठेवा. दसरा-दिवाळीच्या आसपास मुकादमाच्या, म्हणजे मजूर पुरवणाऱ्या कंत्राटदाराच्या, ऊसतोडीच्या टोळ्या निघतात. नवरा-बायको मिळून एक कोयता, आणि त्याची उचल, म्हणजे आगाऊ रक्कम, आधीच घेतलेली असते. कारखान्याचा पट्टा पडतो मार्च-एप्रिलमध्ये, मग लोक परततात. म्हणजे फेब्रुवारीत बीड, पाटोदा, शिरूर कासार, धारूर, वडवणी भागातली हजारो कुटुंबं सांगली, कोल्हापूर, साताऱ्याच्या फडात किंवा सीमेपलीकडे कर्नाटकात कोपीवर, म्हणजे फडाजवळच्या तात्पुरत्या झोपडीत, असतात. नियम पाळला गेला असेल तर ही माणसं बीडच्या आकड्यात नाहीत, त्या त्या तालुक्यांच्या आकड्यात आहेत. प्रगणक कोपीपर्यंत पोहोचलाच नसेल तर ती कुठेच नाहीत. आणि घरच्या म्हातारीने ‘आमची सहा माणसं’ सांगितलं आणि तिकडेही मोजणी झाली, तर दोन्हीकडे आहेत.

याचा परिणाम निव्वळ बेरजेवर होत नाही. जाणारी माणसं साधारण अठरा ते पंचेचाळीस वयाची असतात, म्हणून वयोरचना वाकडी होते. समजा, एका गावात मेमध्ये १५ ते ५९ वयाची १,२०० माणसं आहेत आणि लहान-म्हातारी मिळून ८००. अवलंबित्व गुणोत्तर, म्हणजे कमावत्या वयाच्या शंभरांमागे अवलंबून असलेले, ६७ येतं. त्यातले ४०० कोयत्यावर गेले आणि सोबत १०० लेकरं नेली, तर फेब्रुवारीत ८०० ला ७०० म्हणजे ८८. एकाच गावाचे दोन आकडे, आणि तुम्ही कोणता वापरता यावर तुमचा निष्कर्ष उभा.

पुढच्या जनगणनेची संदर्भ तारीख १ मार्च २०२७ ठरलेली आहे. तीही हंगामातलीच.

काय करायचं? २०११ चा आकडा टाकून देऊ नका, आपल्याकडे गावपातळीवरचा तोच एक पूर्ण आकडा आहे. पण त्याच्यासोबत हंगामी स्थलांतराचा स्वतःचा अंदाज द्या. तो कसा काढायचा ते नवव्या पायरीत सांगतो.

५. वाढीचा दर काढा

बीड जिल्हा २००१ मध्ये २१,६१,२५०, २०११ मध्ये २५,८५,०४९. वाढ ४,२३,७९९, म्हणजे दहा वर्षांत १९.६१ टक्के. आता वर्षाचा दर किती? नवख्याचा हात लगेच दहाने भागायला जातो आणि १.९६ लिहून मोकळा होतो. लोकसंख्या चक्रवाढीने वाढते, त्यामुळे हे चालत नाही. २५,८५,०४९ ला २१,६१,२५० ने भागा, १.१९६१ येतात. त्याचा नैसर्गिक लॉगरिदम घ्या (एक्सेलमध्ये एलएन हे फंक्शन), ०.१७९१. त्याला दहाने भागा. उत्तर वर्षाला १.७९ टक्के.

याच दशकात उस्मानाबाद जिल्ह्याची वाढ ११.५० टक्के होती आणि औरंगाबादची २७.७६. या फरकाचं कारण जन्मदरात शोधायला जाऊ नका. एकाच विभागातल्या जिल्ह्यांच्या जन्मदरात एवढी दरी नसते. औरंगाबादला शहर आणि वाळूजची कारखानदारी आहे. समीकरणातली ‘आलेले’ आणि ‘गेलेले’ ही पदं इथे बोलताहेत.

एक सापळा: ‘तालुक्याची ग्रामीण लोकसंख्या घटली’ असं दिसलं तर मधल्या काळात एखादं मोठं गाव शहर म्हणून नोंदलं गेलं का ते आधी पाहा. किमान ५,००० लोकसंख्या, मुख्य काम करणाऱ्या पुरुषांपैकी किमान ७५ टक्के शेतीबाहेर आणि चौरस किलोमीटरला किमान ४०० माणसं, एवढं जुळलं की नगरपालिका नसतानाही जनगणना त्या गावाला शहर धरते.

६. वयाचे आकडे तपासल्याशिवाय वापरू नका

गावपातळीवर जनगणना फक्त ० ते ६ हा वयोगट वेगळा देते. पूर्ण वयोगट जिल्हापातळीवर मिळतात. गावाचा वय-लिंग मनोरा काढायचा तर सर्वे स्वतः करावा लागेल.

आणि वय विचारलं की लोक ‘असंल पन्नास-पंचावन’ असं सांगतात. त्यामुळे ४०, ४५, ५०, ६० या वयांवर ढीग पडतो. तो मोजायला व्हिपलचा निर्देशांक आहे. २३ ते ६२ वयाची सगळी माणसं मोजा. त्यातली ० किंवा ५ ने संपणाऱ्या वयाची वेगळी मोजा. त्यांना ५ ने गुणा, एकूणाने भागा, १०० ने गुणा. १०० आले तर वयं नीट सांगितलेली आहेत, ५०० आले तर सगळ्यांनीच ० किंवा ५ वर संपणारं वय सांगितलंय. १२५ च्या पुढे गेलात तर एकेका वर्षाच्या वयावर काही बांधू नका, पाच किंवा दहा वर्षांचे गट करा.

वय थेट विचारण्यापेक्षा घटनांची पट्टी वापरा. मी अशी करतो:

- रझाकार, पोलीस ॲक्शन: सप्टेंबर १९४८
- मोठा दुष्काळ, सुकडी (दुष्काळात वाटलेलं खाणं), दुष्काळी कामं: १९७२-७३
- इंदिरा गांधींची हत्या: ऑक्टोबर १९८४
- किल्लारीचा भूकंप: ३० सप्टेंबर १९९३ ची पहाट
- विद्यापीठाचा नामविस्तार: १४ जानेवारी १९९४
- लातूरला रेल्वेने पाणी: एप्रिल २०१६

‘भूकंप झाला तेव्हा तुमचं थोरलं केवढं होतं?’ असं विचारलं की मावशी लगेच सांगतात, ‘कडंवर होतं.’ त्यावरून तिचंही वय निघतं आणि लेकराचंही. सुकडी खाल्लेली आठवत असेल तर माणूस १९७२ ला शाळेच्या वयाचा तरी होता. या पट्टीत तुमच्या गावच्या दोन-तीन घटना टाका: तलाव फुटला, शाळा दहावीपर्यंत झाली, पहिली एसटी आली.

शाळेच्या दाखल्यावर विसंबू नका. आमच्या भागातल्या अर्ध्या गावाचा वाढदिवस १ जूनला असतो, कारण नाव घालताना गुरुजींनी प्रवेशाला बसेल अशी तारीख टाकलेली असते.

७. जन्म-मृत्यू: नोंद कुठे झाली ते पाहा

१९६९ च्या कायद्याने जन्म-मृत्यूची नोंद एकवीस दिवसांत करायची असते, आणि ती होते घटना घडली त्या ठिकाणी. राहत्या गावी नव्हे. इथे दोन गोष्टी आडव्या येतात.

एक, दवाखाना. अंबाजोगाईच्या स्वामी रामानंद तीर्थ वैद्यकीय महाविद्यालयात आजूबाजूच्या कितीतरी तालुक्यांतल्या बाया बाळंत होतात. ती सगळी बाळं अंबाजोगाईच्या नोंदीत. शहराचा जन्मदर फुगतो आणि गावाच्या वहीत वर्षाला चार-पाचच जन्म दिसतात.

दोन, माहेर. पहिलं बाळंतपण माहेरी होतं. सुनेचं बाळ तिच्या माहेरच्या गावी किंवा तिथल्या तालुक्याला नोंदलं जातं, आणि आपल्या गावच्या वहीत आपल्या लेकींची, म्हणजे दुसऱ्या गावच्या सुनांची बाळं दिसतात. जन्म अहवालात आईच्या नेहमीच्या राहण्याच्या गावाचा रकाना असतो. त्यावरून छाननी करा. नाहीतर गावात आत्ता असलेल्या एक वर्षाखालच्या प्रत्येक बाळाचं जन्मठिकाण घरी विचारा. सुटलेले जन्म यातून सापडतात.

किती जन्म दोन्ही वह्यांतून सुटले याचा अंदाज बांधायची एक सुंदर रीत आहे. चंद्रशेखरन आणि डेमिंग यांनी ती १९४९ मध्ये मांडली, आणि तिचा पाया बंगालमधल्या सिंगूर भागातल्या नोंदी होत्या. ग्रामपंचायतीची यादी आणि अंगणवाडीची यादी नावानिशी जुळवा. समजा, २४ जन्म दोन्हीकडे सापडले, ४ फक्त ग्रामपंचायतीत, ६ फक्त अंगणवाडीत. दोन्हीकडून सुटलेले म्हणजे ४ गुणिले ६ भागिले २४, बरोबर १. एकूण जन्म ३५.

मात्र दोन्ही याद्या एकमेकींपासून स्वतंत्र हव्यात. ग्रामसेवकांनी ताईंच्याच रजिस्टरवरून वही पूर्ण केली असेल तर सुटलेले जन्म कमी दिसतील. आणि कोपीवर जन्मलेलं बाळ दोन्ही याद्यांतून एकदमच सुटतं, हे सूत्राला कळत नाही. त्यासाठी पाडव्यानंतर घरोघर जावंच लागतं.

राज्याचे दर हवे असतील तर नमुना नोंदणी पद्धतीचे अहवाल भरवशाचे आहेत. त्यानुसार २०२० मध्ये महाराष्ट्राचा एकूण जननदर, म्हणजे एका स्त्रीमागे आयुष्यभरातली सरासरी मुलं, १.५ आणि अर्भक मृत्युदर हजारी १६ होता. पण ते राज्याचे आकडे आहेत, आपल्या तालुक्याला चिकटवू नका. जीवन सारणीचंही, म्हणजे कोणत्या वयापर्यंत किती जण जगतात हे सांगणाऱ्या तक्त्याचंही, तसंच. गावात वर्षाला दहा-पंधरा मृत्यू होतात, त्यावरून आयुर्मान काढू नका, राज्याची छापील सारणी घ्या. फक्त मृत्युदर आणि मृत्यूची शक्यता यांतला फरक समजून घ्या. ६० ते ६४ वयात वर्षाला हजारी २० मृत्यू असतील तर पाच वर्षांत हजारातले १०० मरतील असं वाटतं. प्रत्यक्षात ०.१ भागिले १.०५, म्हणजे ९५. कारण जे आधी गेले ते पुढच्या वर्षी मोजायला नसतात.

८. मुलींचं प्रमाण, आणि लहान आकड्यांचा धोका

आपल्याकडे लिंग गुणोत्तर म्हणजे हजार पुरुषांमागे स्त्रिया. बाहेरच्या बहुतेक पुस्तकांत उलटं असतं, शंभर स्त्रियांमागे पुरुष. जन्माच्या वेळी निसर्गतः शंभर मुलींमागे सुमारे १०५ मुलगे असतात. आपल्या मापात ते साधारण ९५२ होतं.

० ते ६ वयात महाराष्ट्राचं प्रमाण २००१ मध्ये ९१३ होतं, २०११ मध्ये ८९४. बीडचं ८९४ वरून ८०७ वर आलं. हा आकडा पहिल्यांदा तक्त्यात पाहिला तेव्हा मी वही मिटून बाहेर जाऊन बसलो होतो. एवढ्या मोठ्या जिल्ह्यात ८०७ योगायोगाने येत नाही. जन्माआधी मुलगी नाकारली गेल्याची ती नोंद आहे. (तात्पुरते आकडे वेगळे होते, म्हणून जुन्या बातम्यांत ८०१ सापडेल. नेहमी अंतिम आकडा घ्या.)

पण हीच मोजपट्टी एका गावाला लावताना हात आखडता घ्या. समजा, गावात १२० मुलगे आणि १०० मुली आहेत. प्रमाण ८३३. बातमी करावीशी वाटते. आता हिशेब करा. २२० लेकरांत निसर्गतः १०७ मुली अपेक्षित. नुसत्या योगायोगाने होणारा चढउतार, म्हणजे प्रमाण विचलन, २२० गुणिले ०.४८८ गुणिले ०.५१२ चं वर्गमूळ, साधारण ७.४. तुमच्या १०० मुली अपेक्षेपेक्षा एका विचलनाएवढ्याच कमी आहेत. असं कुठल्याही निर्दोष गावात सहज घडतं. त्या आकड्यावर एखाद्या गावाला आरोपीच्या पिंजऱ्यात उभं करणं अन्याय आहे, आणि पुढच्या वर्षी तिथे मुली जास्त जन्मल्या म्हणून सत्कार करणंही तितकंच निराधार. गावं एकत्र करा, पाच-दहा वर्षांचे जन्म एकत्र करा, मग बोला.

जन्मांनाही तोच नियम. वर्षाला ३० जन्म असतील तर ३० चं वर्गमूळ साडेपाच, त्याची दुप्पट ११. म्हणजे १९ ते ४१ मधला कुठलाही आकडा काहीही न बदलता येऊ शकतो.

जिल्ह्याच्या सर्वेक्षणांचंही असंच. २०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणात २० ते २४ वयाच्या स्त्रियांपैकी अठराच्या आत लग्न झालेल्यांचं प्रमाण राज्यात सुमारे २२ टक्के होतं, परभणीत सुमारे ४८ आणि बीडमध्ये सुमारे ४४. राज्य आणि हे दोन जिल्हे यांतली दरी एवढी मोठी आहे की ती नमुन्याच्या चुकीत बसत नाही. पण परभणी आणि बीडमध्ये पहिला-दुसरा नंबर लावू नका. त्या चार टक्क्यांत नमुन्याची चूक आरामात मावते.

९. स्थलांतर मोजा

मराठवाड्याच्या अभ्यासाचा हा गाभा आहे, आणि आयते आकडे इथेच सगळ्यात तोकडे पडतात.

कायमचं स्थलांतर अवशेष पद्धतीने निघतं. समजा, एका जिल्ह्यात २००१ मध्ये १० ते १४ वयाचे ९०,००० मुलगे होते. जीवन सारणीनुसार दहा वर्षांनी त्यातले ९८.५ टक्के जिवंत असतील. म्हणजे २०११ मध्ये २० ते २४ वयाचे ८८,६५० सापडायला हवेत. सापडले ७६,०००. उरलेले १२,६५० निव्वळ बाहेर गेले. हीच गोष्ट मुलींसाठी करताना लग्न वेगळं धरा, लेकी जातात आणि सुना येतात. आणि चौथी पायरी विसरू नका: या १२,६५० मध्ये पाडव्याला परत येणारे कोयतेही आहेत. पुण्याला कायमचा गेलेला पोरगा आणि फडावर गेलेला पोरगा या पद्धतीला सारखेच दिसतात.

हंगामी स्थलांतराच्या व्याख्येतही एक भोक आहे. राष्ट्रीय नमुना पाहणीच्या २००७-०८ च्या ६४ व्या फेरीत अल्पकालीन स्थलांतरित म्हणजे वर्षभरात कामासाठी एक महिना किंवा जास्त, पण सहा महिन्यांपेक्षा कमी बाहेर असलेला माणूस. हंगाम पाच महिने चालला तर ऊसतोड कामगार यात बसतो. सहा महिने चालला तर गळतो. पाऊसमान आणि ऊस यांवर माणूस व्याख्येच्या आत की बाहेर हे ठरतं. तुमच्या फॉर्ममध्ये म्हणून ‘स्थलांतर केलं का?’ हा प्रश्न ठेवूच नका. कोणत्या महिन्यात कुठे होता, याचे बारा रकाने करा. व्याख्या नंतर हवी ती लावता येते.

या बारा रकान्यांतून माणूस-वर्षं काढा. सहा महिने गावात असलेला माणूस गावाच्या छेदात अर्धा. दर काढताना अंशात ज्या माणसांच्या घटना, तीच माणसं छेदात हवीत. वर्षभराच्या जन्मांना जानेवारीच्या रिकाम्या गावाने भागलं की दर उगाच फुगतो.

१०. स्वतःचा सर्वे

दोन फेऱ्या करा, एक जून ते ऑगस्टमध्ये आणि एक जानेवारीत. एकच जमणार असेल तर पहिली.

नमुना ८ वरून घरांची यादी करा, पण वाटेने चालत ती तपासा, कारण वस्तीवरची आणि गायरानातली घरं तिच्यात नसतात. पाचवं, दहावं असं ठराविक अंतराने घर घ्या. सुरुवातीचं घर चिठ्ठीने काढा. कुलूपबंद घर आलं तर शेजारचं घर घेऊन मोकळं होऊ नका. सगळ्यात जास्त केली जाणारी चूक हीच आहे, आणि अभ्यास आतून पोखरते ती हीच. कुलूप म्हणजे ‘माहिती नाही’ असं नसतं. कोयत्यावर, पुण्याला, लग्नाला, की घर कायमचं बंद, ते शेजाऱ्याला विचारून नोंदवा आणि दुसऱ्या फेरीत त्याच घरी परत जा.

घरात कोण मोजायचं याची व्याख्या फॉर्मच्या माथ्यावर छापा. ‘एका चुलीवर जेवणारे’ ही आपल्याकडे लगेच कळते. मग दोन वेगळे रकाने: ‘नेहमी राहणारा’ आणि ‘काल रात्री इथे झोपलेला’. दोन्ही भरले की दोन्ही पद्धतींनी आकडा काढता येतो.

मेलेली बाळं, गर्भपात, गर्भाशय काढणं यांचे प्रश्न पुरुष सर्वेक्षकाने ओट्यावर बसून विचारू नयेत. सोबत बाई हवी, आणि ‘सांगायचं नसेल तर राहू द्या’ हे आधी म्हणायला हवं. नावांची यादी आणि भरलेले फॉर्म वेगळ्या ठिकाणी ठेवा. कोणत्या मुकादमाची किती उचल अंगावर आहे हे तुमच्या वहीतून बाहेर गेलं तर त्या कुटुंबाला ते महागात पडेल.

११. तुलना करण्याआधी वय सारखं करा

समजा ‘क’ तालुक्यात ९० टक्के लोक साठीखालचे, त्यांचा मृत्युदर हजारी ३. वरचे १० टक्के, त्यांचा ४०. एकूण दर ६.७. ‘ख’ तालुक्यातली तरणी पोरं पुण्याला गेली, म्हणून साठीखालचे ८४ टक्के, दर २.५. वरचे १६ टक्के, दर ३६. एकूण ७.९. ‘ख’ मध्ये दोन्ही वयांत लोक कमी मरतात, तरी एकूण दर जास्त. ‘ख’ चे दर ‘क’ च्या वयोरचनेवर लावले की ५.९ येतात, आणि खरी गोष्ट दिसते. याला प्रत्यक्ष प्रमाणीकरण म्हणतात. पोरं बाहेर जाणाऱ्या कुठल्याही तालुक्याची दुसऱ्याशी तुलना करताना हे केल्याशिवाय ‘इथली आरोग्यसेवा वाईट’ असं लिहू नका.

१२. लिहिताना आणि परत देताना

प्रत्येक तक्त्याखाली एक ओळ टाका: मोजणीची तारीख, हद्द महसुली गावाची की ग्रामपंचायतीची, तांडे-वस्त्या धरल्या की नाही, आणि बाहेर गेलेले धरले की नाही. उदाहरणार्थ, ‘जुलैतील मोजणी, महसुली गाव, दोन वस्त्या व एक तांडा धरून, नेहमी राहणारे सर्व.’ एवढं लिहिलं की पाच वर्षांनी येणारा दुसरा विद्यार्थी तुमच्या आकड्यावर पुढचं काम करू शकतो.

अहवालाचं दोन पानी मराठी पत्रक करून ग्रामपंचायतीला, अंगणवाडीला आणि शाळेला द्या. हंगामी वसतिगृहाची मागणी करताना मुख्याध्यापकांना नेमका हाच आकडा लागतो: कोणत्या महिन्यात किती लेकरं आईबापांसोबत जातात. पत्रक वाचून दाखवायचं असेल तर पाडव्यानंतर जा, म्हणजे ज्यांचा हिशेब मांडलाय ती माणसं ऐकायला घरी असतील.